पट्ट्यावरचा हत्ती

(अमेरिकेत, न्यू जर्सीच्या पार्सिपनीतल्या एका घराचं गराज. बुधवार, दुपारचे चार. शरयू जुन्या टूथब्रशनं पितळी बकल घासते आहे. तिची मुलगी सिया बँडचा स्कॉटिश किल्ट घालून तयार, काखेत बॅगपाइप.)

सिया : आई, तो ब्रश खाली ठेव.

शरयू : नाही ठेवत. तीन वर्षांचं कुंकू आहे, असं सहज निघत नाही.

सिया : मला सहाला हॉलवर पोचायचंय. बकल दे ना, प्लीज.

शरयू : तीन वर्षं, सिया! दर गणपतीत तुझा हा पट्टा मी मखरापुढे ठेवला. ह्या हत्तीला हळदकुंकू वाहिलं, दूर्वा वाहिल्या. मंडळातल्या बायकांना हाताला धरून आणून दाखवलं, बघा, गोऱ्यांच्या पट्ट्यावरसुद्धा आपला गणपती! आणि आज सकाळी कुमार भाऊजी मला फोनवर सांगतात की वहिनी, तो गणपती नाही. आपल्याला मारल्याबद्दल मिळालेलं बक्षीस आहे ते.

सिया : बक्षीस नाही. म्हणजे... हो, बक्षीसच. आमचा बँड ज्या स्कॉटिश रेजिमेंटच्या नावानं वाजवतो, तिचा बॅज आहे.

शरयू : कुंकवाखालून अक्षरं निघाली आत्ता. असई. इंग्रजीत लिहिलंय. पहिल्याच वर्षी मी नेमकं त्या अक्षरांवर बोट टेकवलं असणार, म्हणून वाचायचं राहून गेलं. तुला माहीत होतं?

सिया : हो.

शरयू : कधीपासून?

सिया : पहिल्या दिवसापासून. बँडमधल्या म्हाताऱ्या मिस्टर गिलख्रिस्टनी बकल हातात दिलं तेव्हाच सगळं सांगितलं होतं. एटीन ओ थ्रीची लढाई. एका बाजूला शिंदे आणि नागपूरचे भोसले, दुसऱ्या बाजूला कंपनीची फौज, आणि त्या फौजेत ही स्कॉटिश रेजिमेंट. जिंकल्यावर कंपनीनं त्यांना हत्ती दिला आणि एक जास्तीचा झेंडा दिला. बाकीच्यांना दोन असतात, ह्यांना तीन.

शरयू : आणि हे तू मला सांगितलं नाहीस.

सिया : कसं सांगणार? आधीची चार वर्षं तू माझ्या पाइप्सना रेडकू म्हणायचीस. 'तुझं रेडकू गराजमध्ये घेऊन जा.' मग हत्ती आला, आणि तू पहिल्यांदा इथे खुर्ची टाकून बसलीस. पूर्ण ट्यून ऐकलीस. तू इतकी खूश होतीस, आई. मला नाही सांगवलं.

शरयू : आणि आता माझं हसं झालं, त्याचं काय?

कुमार : वहिनी, गराज उघडं दिसलं म्हणून इकडूनच आलो. सिया, तू अजून त्याच कपड्यांत आहेस?

सिया : या कुमारकाका. चहा घेणार?

कुमार : आज मी काका म्हणून आलेलो नाही. मंडळाचा सेक्रेटरी म्हणून आलोय.

सिया : मग सेक्रेटरींना चहा देऊ?

कुमार : थट्टा नको. काल झूमवर कमिटीची तातडीची मीटिंग झाली. तुमच्या बँडनं फेसबुकवर पोस्टर टाकलंय, त्यात तुझा फोटो आहे. हातात झेंडा, कमरेला हत्ती, आणि वर लिहिलंय 'असई डिनर'. आपल्या लोकांच्या पराभवाचं जेवण, आणि तिथे यजमान कोण, तर आपलीच मुलगी! ठराव एकमतानं झाला. एक, आज तू तिकडे जायचं नाहीस. दोन, गेलीस, तर शनिवारच्या विसर्जन मिरवणुकीत ढोलताशाच्या पुढे तुझं वाद्य नसेल.

सिया : तीन वर्षं मी पुढे चालतेय, काका. पहिल्या वर्षी तुम्हीच म्हणालात की पोलिसांनी रस्ता लवकर मोकळा केला तो माझ्यामुळे.

कुमार : तेव्हा आम्हाला माहीत नव्हतं.

सिया : ओके. मग हे पण माहीत करून घ्या. परवा मला डोनाची ईमेल आली. ती बँडची चेअरपर्सन. खूप गोड ईमेल आहे. 'सिया, तुझं हेरिटेज लक्षात घेता तुला आजच्या कार्यक्रमात अवघड वाटू शकेल, तर ह्या वर्षी तुझी जबाबदारी ब्रायन घेईल. तू नुसती ये, एंजॉय कर.'

कुमार : मग प्रश्नच मिटला की.

सिया : बघा ना. तुमचं आणि डोनाचं एकमत झालं. दोघांनाही मी तिथे नकोय. एकीला मी फार मराठी वाटते, दुसऱ्याला पुरेशी नाही.

शरयू : तू काय उत्तर दिलंस तिला?

सिया : एकच वर्ड. नो.

शरयू : कसली जबाबदारी म्हणे? तू तर वाजवतेस फक्त.

सिया : जानेवारीपासून मी बँडची क्वार्टरमास्टर आहे. सांगितलं होतं तुला.

शरयू : मला वाटलं क्वार्टर म्हणजे काहीतरी वर्गणीचं असेल.

सिया : स्टोअर. किल्ट किती आहेत, मोजे कुणाचे फाटले, पाइप्सच्या रीड्स संपत आल्या का, ढोलकाचं कातडं कधी बदललं. कपाटाची चावी माझ्याकडे असते.

कुमार : म्हणजे गोडाऊनकीपर.

सिया : एक्झॅक्टली. दिवसा एडिसनच्या वेअरहाऊसमध्ये तेच करते, संध्याकाळी बँडमध्ये. आई लोकांना सांगते, माझी मुलगी सप्लाय चेनमध्ये आहे. गोडाऊन म्हणायला तिला कसंतरी होतं.

शरयू : मी कधी असं...

सिया : इट्स ओके, आई. पण ऐक. त्या दिवशी असईला ही रेजिमेंट वाट चुकली. पुढची तुकडी भलतीकडे वळली, हे तिच्या मागे गेले, आणि थेट गावाच्या तटासमोर आले. समोर सगळ्या तोफा. एकूण एक ऑफिसर पडला, कुणी मेला, कुणी जखमी. उरला फक्त क्वार्टरमास्टर. त्याचं काम मागे थांबून बिस्किटं आणि बूट मोजायचं. तो पुढे गेला आणि उरलेल्या लोकांमध्ये उभा राहिला.

कुमार : आता शत्रूचं कौतुक!

सिया : म्हणून आमच्या बँडमध्ये कस्टम आहे. वर्षभर पाइप मेजर, म्हणजे आमचा बँडमास्तर, सांगतो ते चालतं. पण असईच्या दिवशी, तेवीस सप्टेंबरला, क्वार्टरमास्टर सांगेल ते. पाइप मेजर, चेअरपर्सन, सगळे त्याचं ऐकतात. जेवणानंतर तो उभा राहतो आणि पडलेल्या ऑफिसर्सची नावं वाचतो. एकेक. आणि प्रत्येक नावाला टेबलावरचं कुणीतरी उत्तर देतं, 'हिअर'. म्हणजे तो माणूस आहे अजून. विसरलेलो नाही.

शरयू : शाळेतल्या हजेरीसारखं.

सिया : हो. आज ती हजेरी मी घेणार. पहिल्यांदाच असं होणार की त्या झेंड्याखाली उभा असलेला माणूस पलीकडच्या बाजूचा आहे. आणि ब्रायनला ती चावी मी देणार नाही.

कुमार : मुली, तुला कळत कसं नाही? ते तुझ्या तोंडून त्यांचीच नावं वदवून घेतायत!

सिया : माझं पूर्ण ऐकलं नाहीत तुम्ही. त्यांची नावं वाचून झाली की मी बसणार नाहीये. अजून एक हजेरी घेणार आहे. तोफांवरच्या गोलंदाजांची.

शरयू : कुठल्या?

सिया : आपल्या. काका, तुम्ही व्हॉट्सॅपवर पाठवलेल्या असईच्या फॉरवर्डमध्ये काय लिहिलंय? शेवटी काय झालं?

कुमार : काय होणार? फंदफितुरी झाली आणि आपण हरलो.

सिया : बस? दोन ओळी? घोडदळ निघून गेलं, हे खरं. पायदळ मागे हटलं. पण तोफांवरचे लोक जागचे हलले नाहीत. स्कॉटिश सोल्जर्स संगिनी घेऊन अंगावर आले तरी तोफ डागत राहिले. रेषा मोडून ते पुढे गेले, त्यांना वाटलं संपलं. आणि मागे जे मेल्यासारखे पडले होते त्यातले काही उठले. तोफा उलट्या वळवल्या. आणि पाठीवर पुन्हा फायर केलं. हरल्यानंतर, काका. लढाई हरल्यानंतर उठले! हे मला कुठे कळलं माहितीये? शत्रूच्याच पुस्तकांत. त्यांनी लिहून ठेवलंय, आम्ही असे लोक पाहिले नव्हते. तुमचा फॉरवर्ड फक्त रडतो.

कुमार : हे... हे मला कुणी पाठवलं नाही.

सिया : आणि अजून एक. त्यातले सगळे मराठे नव्हतेच. बरेच उत्तरेकडून आलेले. ब्राह्मण, रजपूत, मुसलमान, मिक्स. शिंद्यांनी पगारी ठेवलेले लोक.

कुमार : बघ! मग ते आपले कसे? तूच म्हणतेस आपले नव्हते. कशाला मग त्या गोऱ्यांच्या जेवणात...

शरयू : आमच्या शेतात पडले ते आमचे, भाऊजी.

कुमार : आं?

शरयू : माझं माहेर भोकरदनकडचं. आमचं शेत असईच्या शिवाराला लागूनच.

सिया : मॅपवर पाहिलंय मी. भोकरदनहून अर्ध्या तासाचा रस्ता.

शरयू : तू पाहिलंस? मला कधी विचारलं नाहीस.

सिया : तूच कधी बोलत नाहीस तिकडचं. इंडियाला गेलो की आपण नाशिकलाच जातो, बाबांकडे.

शरयू : तिकडे काय होतं बोलण्यासारखं, असं वाटायचं. बायका पुण्याचं सांगायच्या, दादरचं सांगायच्या. मी आपलं औरंगाबाद म्हणून मोकळी व्हायचे. अगं, आमच्या अण्णांच्या शेतात नांगराला गोळे लागायचे. लोखंडी, एवढाले. जड असे की मला दोन हातांनी उचलायचा नाही. एक गोळा आमच्या गोठ्याच्या दाराला लावलेला असायचा, दार वाऱ्यानं आपटू नये म्हणून. सगळ्यांना माहीत होतं, गोऱ्यांच्या लढाईतला आहे. पुढचं कुणी सांगायचं नाही. मास्तरांनीसुद्धा एका ओळीत उरकलं होतं.

सिया : आई, हे तू मला आत्ता सांगतेस? मी तीन वर्षं ह्याबद्दल वाचतेय!

शरयू : तू पण आत्ताच सांगतेस की. थांब, ऐक. सर्वपित्री अमावास्येला अण्णा पानं वाढायचे. आजोबांचं, पणजोबांचं. आणि शेवटी एक लहानसं पान घेऊन गोठ्याकडे जायचे. त्या गोळ्यावर ठेवायचे. भात, वरण, एक वडा. मी विचारलं होतं, अण्णा, हे कुणाला? तर म्हणाले, ज्यांची नावं आपल्याला माहीत नाहीत त्यांना. आपल्या मातीत झोपलेत, त्यांना वाढायचं कुणी? मी सहावीत होते. कावळा आला नाही तर जेवायचे नाहीत ते, त्या पानासाठीसुद्धा थांबायचे.

सिया : आई, टिश्यू दे ना.

शरयू : रडू नकोस, माय. काजळ उतरेल.

सिया : ते काजळ नाहीये, आयलायनर आहे.

शरयू : उतरायचं ते उतरतंच.

कुमार : वहिनी, हे सगळं भावनिक झालं. मी समजू शकतो. पण कमिटीला मी काय सांगू? ठराव झालाय. मिनिट्समध्ये आहे.

शरयू : मिनिट्समध्ये आणखी एक ओळ घाला. शनिवारचे मोदक कोण करतं?

कुमार : तुम्हीच. अडीचशे.

शरयू : उकडीचे. हातानं. अकरा वर्षं. कळ्या मोजून घ्या, एकवीसच्या खाली नसतात. माझी लेक मिरवणुकीच्या पुढे नसेल, तर मोदक माझ्या फ्रीजमध्ये राहतील, आणि मंडळानं कॉस्टकोचा केक आणावा बाप्पासाठी.

कुमार : वहिनी, हा ब्लॅकमेल झाला.

शरयू : हो, झाला. सिया, हे पण भाऊजींना इंग्रजीत लिहून दे, म्हणजे मिनिट्समध्ये नीट जाईल.

सिया : आणि काका, मोदक असोत नसोत, मी शनिवारी येणार आहे. हाच किल्ट, हाच पट्टा. रस्ता टाउनशिपचा आहे. मला थांबवायचं असेल तर तुम्हाला समोर उभं राहावं लागेल, आणि पाइप्स समोरून किती जोरात ऐकू येतात हे तुम्हाला माहीत नाही.

कुमार : तुझ्या वडिलांशी बोलतो मी. कुठे आहेत ते?

शरयू : रेडमंडला, ऑफिसच्या कामाला. फोन करा खुशाल. तेही मोदक खातात.

कुमार : ठीक आहे. मी... मी कमिटीला कळवतो. पण मला हे पटलेलं नाही, हे लक्षात ठेवा.

सिया : काका, ती पुस्तकाची लिंक पाठवू? तोफांची?

कुमार : ...पाठव. ईमेलवर. ग्रुपवर नको.

शरयू : गेले. बिचारे चहा न घेता गेले.

सिया : तू म्हणालीस की मोदक देणार नाहीस. त्यानंतर चहा कोण मागेल?

शरयू : ती डोना काय म्हणेल पण? तू असं ऐनवेळी दुसरी हजेरी सुरू केलीस तर?

सिया : चिडेल. कदाचित मला बँडमधून काढतील. मी मिस्टर गिलख्रिस्टना फोन केला होता काल. एक्क्याऐंशी वर्षांचे आहेत, नीट बोलता येत नाही आता. त्यांचे आजोबा त्या रेजिमेंटमध्ये होते, मग इथे जर्सीत कर्नीला आले, दोऱ्याच्या गिरणीत. त्यांना म्हटलं, मी असं असं करणार आहे, तुमची परमिशन आहे का? तर म्हणाले, त्या दिवशी क्वार्टरमास्टरनं कुणाची परमिशन मागितली नव्हती.

शरयू : असं म्हणाले?

सिया : आणि म्हणाले, त्यांच्या रेजिमेंटचं नावसुद्धा आता राहिलेलं नाही. एकात एक, एकात एक करत दुसऱ्याच नावात मिसळून टाकली. नाव गेलं की कसं वाटतं ते मला माहितीये, म्हणाले.

शरयू : भला माणूस आहे. त्यांना मोदक ने हो शनिवारी.

सिया : नेईन. आई, बकल.

शरयू : थांब. हत्ती कुणाचा गं होता? त्यांच्याकडे हत्ती कुठून आला?

सिया : कुणाचा म्हणजे? तो नुसता सिंबॉल आहे. इंडिया म्हणजे हत्ती.

शरयू : स्कॉटलंडात हत्ती असतात का?

सिया : नाही.

शरयू : मग तो आपल्याकडचाच. धरून नेलेला. त्याचा काय दोष? आण ती कुंकवाची डबी. मखराजवळ आहे.

सिया : आत्ता तर घासत होतीस!

शरयू : घासलं, आता परत लावते. ह्या वेळी अक्षरं झाकणार नाही. कपाळावर लावते, हे बघ, इथे. असई दिसली पाहिजे. विचारू दे लोकांना.

सिया : थँक यू.

शरयू : तोंड का उतरलं?

सिया : काही नाही. एक प्रॉब्लेम आहे. ऑफिसर्सच्या नावांना उत्तर द्यायला माणसं ठरलेली असतात. त्यांच्या फॅमिलीतले, नाहीतर बँडमधले. पण मी गोलंदाजांची हजेरी घेतली, तर उत्तर कोण देणार? नावं तर नाहीतच. मी विचारणार आणि हॉलमध्ये सगळे गप्प बसणार. ऐंशी माणसं. सूप थंड होत असेल. ती शांतता मला सहन नाही होणार, आई. डोनाला मी नो म्हणू शकते, काकांना म्हणू शकते. पण विचारलं आणि कुणीच नाही आलं, तर ते पुन्हा मेल्यासारखं होईल.

शरयू : मग स्वतःच उत्तर दे.

सिया : हजेरी घेणारा उत्तर देत नाही. रूल आहे.

शरयू : ...त्या जेवणात काय काय असतं?

सिया : मेंढीचं असतं. तुला चालणार नाही. बटाटे असतात. सलगम.

शरयू : सलगम खाईन. बाकीच्याला हात लावणार नाही. राजाच्या नावानं प्याला उचलतात ना ते लोक? मी उठणार नाही त्याला.

सिया : नको उठूस.

शरयू : आणि साडी नेसणार. भोकरदनची नाही मिळाली, पैठणीच आहे, पण तिकडचीच. पैठण काही लांब नाही.

सिया : आई, तू येतेस?

शरयू : इंग्रजीत काही बोलणार नाही मी.

सिया : बोलू नकोस. एकच वर्ड आहे.

शरयू : तो मला येतो. कितव्या नावानंतर?

सिया : सगळ्यात शेवटी. मी झेंड्याखाली उभी असेन. तू तिसऱ्या टेबलावर, खिडकीकडे. घाबरू नकोस. एकदा प्रॅक्टिस करू?

शरयू : कर. थांब, पदर नीट घेऊ दे. हं.

सिया : असईचे गोलंदाज. नावं माहीत नाहीत.

शरयू : हजर.